निकालाआधीची जप्ती : दारातल्या तगाद्यापासून व्यापाऱ्याच्या गोदामापर्यंत

केळी किंवा कापूस देऊन महिने उलटले, चेक परत आला आणि व्यापारी गोदाम रिकामं करतोय अशी खबर लागली, की रावेर-यावलचा शेतकरी वकिलाला पहिला प्रश्न हाच विचारतो : "साहेब, निकाल लागेल तेव्हा लागेल, त्याच्या मालावर आजच जप्ती आणता येईल का?" येते. पण कोर्ट ती सहजासहजी देत नाही. असं का, ते कळायला दोनशे वर्षं मागे जावं लागतं.

१८१८ मध्ये खानदेश इंग्रजांकडे गेला आणि इंग्रज अधिकारी कॅप्टन ब्रिग्जने धुळ्याला ठाणं केलं. तोवर येणं वसूल करायची रीत म्हणजे तगादा. पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलखाविषयी तिथला इंग्रज कमिशनर एल्फिन्स्टन याच्या अहवालात तिचं वर्णन आहे : धनको कर्जदारावर पहारा बसवी, त्याला जेवू देत नसे, प्रसंगी डोक्यावर दगड ठेवून भर उन्हात एका पायावर उभं करी.

१८५९ ची दिवाणी प्रक्रिया संहिता आली आणि वसुलीचा जोर कोर्टाच्या हातात गेला. निकालापूर्वी जप्तीची सोय तेव्हापासूनची. पण कोर्टाची पायरी चढणं सावकाराला जमे, कुणब्याला नाही. अमेरिकेतल्या यादवीत (१८६१-६५) कापूस महागला, कर्ज सैल हाताने मिळालं; युद्ध थांबलं, भाव कोसळले, कर्ज तसंच राहिलं. समन्स निघे, शेतकरी हजर होत नसे, एकतर्फी हुकूमनामा (कोर्टाचा निकालाचा हुकूम) होई आणि वावर जाई. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला लोक उठले ते सावकाराच्या वह्या आणि कर्जखतं जाळायलाच.

त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी संरक्षण कायदा झाला. खास गहाण नसलेली शेतकऱ्याची जमीन हुकूमनाम्यात जप्त करायची नाही, हे त्याने ठरवलं. आधी तो पुणे, सातारा, सोलापूर, अहमदनगर या चार जिल्ह्यांपुरता होता. कापूस पिकवणारा खानदेश त्यात नव्हता, इथे तो नंतर आला. हे वाचताना आजही मनाला लागतं.

आजचा नियम १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतला, ऑर्डर ३८ (तिचं अडतिसावं प्रकरण) मधला. वादीची बाजू सकृतदर्शनी भक्कम हवी, आणि प्रतिवादी वसुली बुडवायच्या हेतूने मालमत्ता विकतोय किंवा कोर्टाच्या हद्दीबाहेर हलवतोय हे दिसायला हवं. कोर्ट आधी त्याला तारण द्यायला किंवा कारण दाखवायला सांगतं. तोवर सशर्त जप्ती करता येते. हा टप्पा गाळून केलेली जप्ती रद्दबातल, असं १९७६ च्या दुरुस्तीने स्पष्ट केलं. बिनतारणी येणं तारणी करून घेण्यासाठी हा नियम वापरू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये रमण टेक प्रकरणात बजावलं. अपुऱ्या कारणावरून जप्ती आणली तर संहितेच्याच कलम ९५ खाली पन्नास हजारांपर्यंत भरपाई द्यावी लागू शकते.

माझ्या मते ऑर्डर ३८ मधला सगळ्यात मोलाचा नियम १२ वा : शेतकऱ्याच्या ताब्यातला शेतमाल निकालापूर्वी जप्त होत नाही. घरात रचलेल्या कापसाला बेलिफ (कोर्टाचा जप्ती कर्मचारी) हात लावू शकत नाही. तोच कापूस जिनिंगवाल्याच्या आवारात गाठी होऊन पडला, की हे कवच संपतं. सावकाराच्या हातातलं हत्यार शेतकऱ्याच्या हाती येतं ते इथे.

मग बेलिफ पंच घेऊन जातो, गाठी मोजतो, पंचनामा करतो. केळीसारखा नासणारा माल लगेच विकून टाकायची मुभा आहे. प्लॉट किंवा जमीन असेल तर तिथे दवंडी, जागेवर आणि कोर्टात हुकुमाची प्रत, गावातली जमीन असल्यास ग्रामपंचायतीतही. त्यानंतर केलेली विक्री जप्तीच्या हक्कापुढे टिकत नाही. मात्र बँकेचं आधीचं गहाण असेल तर ते तसंच उभं राहतं, म्हणून बोजा आधी तपासावा. दावा जिंकला तर दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत, पुन्हा जप्ती लागत नाही. फेटाळला तर ती उठते. पतसंस्थांच्या वादात अशीच सोय महाराष्ट्राच्या सहकार कायद्याच्या कलम ९५ मध्ये आहे.

अर्जाला काटापट्टी, परत आलेला चेक आणि माल हलल्याची तारीख, गाडीचा नंबर जोडावा. "पळून जाईल असं वाटतं" एवढ्या प्रतिज्ञापत्रावर हुकूम मिळत नाही.