मुकी ओहोटी

मुकी ओहोटी म्हणजे ओरमाळच्या खोऱ्यात वर्षातून एकदोनदा येणारी अशी वेळ, की जेव्हा सगळे आवाज हळूहळू आटत जातात आणि मग जेवढे गेले तेवढे सगळे एकदम परत येतात. नदीच्या खालच्या अंगाला याला नुसतं 'आटणं' म्हणतात आणि परत येण्याला 'परती'. बाहेरून आलेल्या माणसाला वाटतं की शांतताच तर आहे, त्यात एवढं घाबरायचं काय. बरोबर आहे, आटण्याने कुणी मरत नाही, माणसं मरतात ती परतीला.

आधी बारीक आवाज जातात, म्हणजे रातकिडे, बांगड्या, पैंजण, भांड्याला लागलेलं नख वगैरे. तापलेल्या तव्यावर पाण्याचा शिंतोडा मारला तर थेंब नाचतात, पळतात, वाफ होऊन जातात, पण चर्र होत नाही, आणि बऱ्याच घरांत पहिल्यांदा कळतं ते असं चुलीपाशीच. मग माणसांचं बोलणं जातं, गुरांचं हंबरणं जातं, शेवटी ढोल आणि ढगांचा गडगडाट. टाचणी पडली तरी ऐकू येईल असली शांतता ही नव्हे, इथे मागे आख्खं कपाट पडलं तरी माणूस वळून बघत नाही. कधी अर्ध्या दिवसात संपतं, कधी ३ दिवस चालतं, आणि किती चालणार ते आधी सांगता येत नाही हीच खरी डोकेदुखी आहे.

ओहोटी येतेय हे ओळखायची जुनी पद्धत म्हणजे विहीर. प्रत्येक गावात एक विहीरकरी असतो, तो सकाळ-संध्याकाळ विहिरीत खडा टाकतो आणि डुबुक ऐकू येईपर्यंत मोजतो. रोज दोनला येणारं डुबुक चारला आलं की समजायचं, आणि आलंच नाही तर धावत सुटायचं. आता इशारा द्यायला घंटा चालणार नाही हे उघड आहे (घंटेचा आवाज तर पहिल्या फटक्यात जातो), म्हणून दिवसा काठीला पांढरं फडकं लावतात आणि रात्रीसाठी घराघरातून एक दोरी फिरवलेली असते, तिची टोकं झोपलेल्यांच्या पायाच्या अंगठ्याला बांधलेली. विहीरकऱ्याने दोरी ओढली की आख्खी आळी एकदम उठून बसते. ऐकायला गंमत वाटते पण यापेक्षा भरवशाचं काही अजून सापडलेलं नाही.

आता परती. यातली मेन गोष्ट ही की आवाज जिथे झाला तिथेच परत येतो, आणि आटण्याच्या काळात त्या जागी जेवढा आवाज झाला असेल तेवढा सगळा एका क्षणात येतो. म्हणजे एका खोलीत दोन दिवस कुणी नुसतं खोकत असेल तर दोन दिवसांचा खोकला एका दणक्यात, भिंतीला तडा जाईल असा. आणि आपलं आपल्याला ऐकू येत नाही म्हणून माणूस उलट जास्तच जोरात बोलतो, दारं आपटतो. कुत्र्यांचं तर विचारूच नका, त्याला स्वतःचं भुंकणं ऐकू येत नाही म्हणून ते थांबतच नाही. म्हणून पांढरं फडकं दिसलं की आधी कुत्री गावाबाहेर मोकळ्यावर सोडतात, मग गुरांच्या गळ्यातल्या घंटांत चिंध्या कोंबतात.

तान्ह्या पोराला गप्प बस म्हणून सांगता येत नाही. त्यासाठी जे करतात त्याला 'रडं पांगवणं' म्हणतात, पोर रडायला लागलं की आई त्याला घेऊन शेतातून चालत राहते, थांबायचं नाही, म्हणजे रडणं एका जागी साठत नाही, वाटभर थोडं थोडं सांडत जातं. परतीच्या वेळी मग त्या सगळ्या बांधांवरून एकदम बारीक रडू उमटतं, पण कुणाला इजा होत नाही. आई दमली की सासू घेते, मग शेजारीण घेते.

परत येताना क्रम उलटा असतो, जड आवाज आधी. तळपायाला जमीन थरथरल्यासारखी लागते, छातीत घुमल्यासारखं होतं, आणि तिथून जेमतेम चारपाच श्वास हातात असतात. कानात मेण, तोंड उघडं, आणि असाल तिथे पालथं पडायचं. तोंड मिटून घेतलं तर कानाचे पडदे जातात.

मांत्रिक लोकांना या काळात तोंडाला फडकं बांधून बसवतात. ओहोटीत म्हटलेला मंत्र तेव्हा लागत नाही, तो परतीला लागतो, आणि लागला नाही म्हणून बाबाने एकाच आसनावर बसून तो शंभरदा म्हटलेला असतो.

हे सगळं का होतं यावर दोन मतं आहेत. एक म्हणजे नदीच्या उगमाची घळ हा झोपलेल्या राक्षसाचा घसा आहे आणि तो श्वास आत ओढतो. दुसरं, जुन्या मांत्रिकांनी मंत्रांना जोर यावा म्हणून खोऱ्याचा आवाज उसना घेतला आणि तो फेडलाच नाही, त्याची वसुली चालू आहे. मला दुसरं जास्त पटतं, कारण राक्षसाला आवाज जिथल्या तिथे ठेवून द्यायची काय पडलीय.

कुणाला ऐकू जात नाही म्हटल्यावर लोक मनातलं बोलून टाकतात, हा वेगळाच घोळ. बहुतेकांचं बोलणं परतीच्या गोंगाटात मिसळून जातं, पण ज्याने एका कोपऱ्यात जाऊन एकच वाक्य म्हटलं असेल त्याचं मात्र ते स्वच्छ ऐकू येतं, सासऱ्याच्या देखत सुद्धा. यावरून इतकी भांडणं झाली की ओहोटीतलं बोलणं साक्षीला धरायचं नाही असा पंचांचा नियमच आहे.

सगळ्यात मोठं नुकसान झालं ते घणवाडीचं. लोहारांचं गाव, हाताशी मोठं काम होतं, आणि ऐकूच येत नाही तर त्रास कुणाला असा विचार करून त्यांनी ३ दिवस घण चालूच ठेवले, त्याच ऐरणींवर. परती झाली तेव्हा ३ दिवसांचे ठोके एका ठोक्यात आले. आज तिथे घर नाही, भिंत नाही, फक्त ऐरणी आहेत, जमिनीत गळ्यापर्यंत रुतलेल्या. विहीर मात्र शाबूत आहे. तिच्यात खडा टाकला की आधी डुबुक येतं आणि मग थोड्या वेळाने, खालून, घणाचा एक ठोका. एका खड्याला एकच. आसपासची पोरं खिसे भरून खडे नेतात आणि घरी आल्यावर मार खातात.