कट्यारच्या आधीचे वसंतराव

2022 मध्ये ‘मी वसंतराव’ हा सिनेमा आला तेव्हा बऱ्याच तरुण मंडळींना पहिल्यांदा कळलं की गायक पं. वसंतराव देशपांडे कित्येक वर्षं सरकारी नोकरीत होते. ‘कट्यार काळजात घुसली’ या संगीत नाटकातला खांसाहेब म्हटलं की तेच डोळ्यासमोर येतात, पण ती भूमिका त्यांना मिळाली तेव्हा वय होतं 47, आणि त्याआधीचं सगळं माहीत असल्याशिवाय तो खांसाहेब नीट कळत नाही असं मला मनापासून वाटतं.

जन्म 1920 चा, अकोला जिल्ह्यातल्या मूर्तिजापूरचा. वाढले नागपूरला आईजवळ, शंकरराव सप्रे गुरुजींकडे गाणं सुरू झालं. भालजी पेंढारकरांनी त्यांना ‘कालियामर्दन’ सिनेमात कृष्ण केलं 1935 ला, म्हणजे अभिनय काही उतारवयात सुचलेला नाही, तो गाण्याच्या जोडीनेच आला. दीनानाथ मंगेशकरांचं गाणं डोक्यात भिनलेलं, आणि दीनानाथ स्वतः रंगभूमीवरचे गायक नट, तेव्हा गाणं आणि भूमिका वेगळ्या असतात हे या मुलाला कोणी शिकवलंच नसणार. मग लाहोर, तिथे असद अली खां, आणि तालीम कशाची तर फक्त मारव्याची! एकच राग घोटून घेतला. पुढे सुरेशबाबू माने, अमान अली खां यांच्याकडूनही घेतलं. घराणं कुठलं विचारलं की ते आपल्यापासूनच सुरू होतं असं सांगायचे, हे तर सगळ्यांना पाठ आहे.

पण पोटासाठी मिलिटरी अकाउंट्स. जवळपास पाव शतक दिवसा हिशेबाचे कागद आणि रात्री मैफल, मध्येच पार नेफापर्यंत (आजचा अरुणाचल प्रदेश) बदली. असा माणूस गाणं टिकवतो कसा हेच मला कळत नाही. पुलंसारखे मित्र पाठीशी होते आणि शेवटी नोकरी सोडून ते पूर्णवेळ गाण्याकडे आले.

डिसेंबर 1967 ला नाट्यसंपदा या नाट्यसंस्थेनं ‘कट्यार काळजात घुसली’ रंगमंचावर आणलं, लेखन पुरुषोत्तम दारव्हेकरांचं, संगीत जितेंद्र अभिषेकींचं. त्यातलं ‘घेई छंद मकरंद’ हे पद दोन्ही चालींत लागोपाठ ऐकून बघा. शब्द तेच, पण पंडितजींच्या, म्हणजे नाटकातल्या खांसाहेबांच्या प्रतिस्पर्धी गायकाच्या, चालीत ते शांतपणे उलगडत जातात आणि खांसाहेबांच्या तोंडी आले की तानांचा नुसता पाऊस, शब्द पकडून उधळून टाकल्यासारखे. त्यात आडदांडपणा आहे, ईर्षा आहे, आणि कलेवरचं प्रेमही आहे, हे सगळं त्या माणसानं संवादात नाही तर तानेत दाखवलंय. आमच्या घरी ती कॅसेट इतकी वाजली की एका ठिकाणी टेप ताणून सूर हलायचा, आणि ओरिजिनल तसंच आहे असं मी कित्येक वर्षं समजत होतो.

1979 ला ‘अष्टविनायक’ सिनेमात ते नायिकेचे वडील झाले. ‘दाटून कंठ येतो’ तिथलंच. खांसाहेबाचा तो सगळा तोरा इथे कुठेही नाही, आवाज जपून, आवंढा गिळत पुढे सरकतो. 1983 मध्ये ते गेले, पण आजही मुलीच्या पाठवणीच्या वेळी मांडवात कोणीतरी हेच गाणं लावतं आणि नवरीचा बाप हळूच तोंड फिरवतो.