खेळातला ‘गोंड’ आणि आपले गोंड

‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ हा कल्पित जगात पात्रं घेऊन रंगवायचा खेळ खेळणाऱ्या नागपूरकरांत एक समज वर्षानुवर्षे ऐकतोय: त्यातला ‘गोंड’ म्हणजे गोंड आदिवासींचा अग्निदेव. तसं नाही.

खेळातला गोंड हा एड ग्रीनवूड यांच्या ‘फर्गॉटन रेल्म्स’ या कल्पित जगातला, लोहारकामाचा आणि नव्या यंत्रांचा देव. चिन्ह दातेरी चाक. आगीचा देव तो नाही. तिथे आग कोसुथ या दुसऱ्या देवाची.

आपल्याकडे गोंड हे देवाचं नावच नाही, समाजाचं आहे. तेही इतरांनी ठेवलेलं. ते स्वतःला कोईतूर म्हणवतात. त्यांचा सर्वोच्च देव फडापेन, म्हणजे बडादेव. त्याची पूजा साजाच्या झाडापाशी होते, भट्टीपाशी नाही. गोंड राजा बख्त बुलंद शाहानं वसवलेल्या या नागपुरात तरी एवढं माहीत असायला हवं, असं मला मनापासून वाटतं.

भट्टीचे देव हवेच असतील तर मध्य भारतातल्या अगरियांकडे पाहा. पिढ्यानपिढ्या लोखंड गाळणारा हा समाज. लोहासुर लोखंडाचा, कोयलासुर कोळशाचा आणि आगीचा अग्यासुर, असे तिघे त्यांच्या कथांत आहेत. ते कुणा खेळासाठी रचलेले नाहीत.