मसूर, बदाम आणि मासा

कोल्हापुरात अख्खा मसूर मागवला की ताटलीत जो दाणा येतो, त्याला लॅटिनमध्ये 'लेन्स' म्हणत. काचेचं भिंगही दोन्ही अंगांनी तसंच फुगीर, म्हणून त्याला तेच नाव चिकटलं. मसुरीचं शास्त्रीय नाव आजही लेन्स क्युलिनॅरिसच आहे.

पण हा घाट भिंगापेक्षा फार जुना. साडेतीन हजार वर्षांपूर्वी क्रीट बेटावरचे कारागीर अकीक आणि स्फटिक घासून मसुरीच्या आकाराचे मणी घडवत, आरपार भोक पाडत आणि फुगीर अंगावर बैल, सिंह कोरत. ओल्या मातीवर दाबला की मणी मुद्रेचं काम करी. अकीक काशाच्या हत्याराला दाद देत नाही. खरं कापायची ती कुरुंदासारखी कठीण भुकटी, कमानीनं फिरणाऱ्या गिरमिटाखाली. एकोणिसाव्या शतकात क्रीटमधल्या बाळंतिणी हेच मणी दूध यावं म्हणून गळ्यात घालत, त्यांना 'दुधाचे खडे' म्हणत. या खड्यांच्या मागावर ब्रिटिश पुरातत्त्वज्ञ आर्थर इव्हान्स 1894 मध्ये तिथं पोचले आणि 1900 मध्ये क्रीटवरच्या क्नोसॉस या प्राचीन राजवाड्याचं उत्खनन सुरू झालं. मातांनी जपलं नसतं तर किती मणी हरवले असते!

दुसरा घाट बदामी. ग्रीसमधल्या पायलोस इथं 2015 मध्ये एका योद्ध्याच्या थडग्यात सापडलेली अकीक मुद्रा जेमतेम 3.6 सेंटिमीटरची, तरी तिच्यावर तीन योद्ध्यांची झुंज स्नायूंसकट कोरली आहे. बदामाच्या ज्या ग्रीक शब्दावरून या घाटाला नाव मिळालं, त्यावरूनच भूशास्त्रज्ञ आपल्या काळ्या पाषाणाच्या एका प्रकाराला ओळखतात. सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हात वायूचे बुडबुडे अडकले, त्या पोकळ्यांत पुढं अकीक भरला. पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरीत 1945-46 च्या उत्खननात अशा मौल्यवान खड्यांचे मणी निघाले.

भूमितीत हा बदामी आकार दोन वर्तुळं एकमेकांत शिरली की मिळतो. समान त्रिज्येची वर्तुळं एकमेकांच्या केंद्रातून गेली, तर त्याची लांबी रुंदीच्या √3 पट भरते. युक्लिडची पहिलीच रचना, समभुज त्रिकोण, याच आकृतीवर उभी आहे. आपल्याकडं सूर्यसिद्धान्त या जुन्या ज्योतिषग्रंथात तिला 'तिमि', म्हणजे मासा, म्हटलंय: शंकूच्या, म्हणजे उभ्या रोवलेल्या खुंटीच्या, सावलीवरून पूर्व-पश्चिम ठरवायची आणि माशाच्या डोक्याशेपटातून दक्षिणोत्तर रेषा ओढायची. लंबदुभाजक काढताना शाळेतली मुलं कंपासनं वर-खाली जे छेदणारे कंस मारतात, ते याच माशाचं डोकं आणि शेपूट.