किंबांगू पंथ

काँगो लोकशाही प्रजासत्ताकातील एक स्वतंत्र आफ्रिकी ख्रिस्ती पंथ. संदेष्टा सिमोन किंबांगू (सु. १८८७–१९५१) हे त्याचे प्रवर्तक. त्यांचे गाव न्कम्बा हे देशाच्या पश्चिमेकडील कोंगो या लोकसमूहाची भाषा बोलणाऱ्या मुलखात असून अनुयायी त्याला ‘नवे जेरुसलेम’ मानतात. त्यांचे जन्मवर्ष काही ठिकाणी १८८९ असेही दिलेले आढळते. १८८७ हे अधिक रूढ आहे.

किंबांगू यांनी १९१५ मध्ये ब्रिटिश बॅप्टिस्ट (एक प्रॉटेस्टंट पंथ) मिशनकडून बाप्तिस्मा घेतला व काही काळ धर्मशिक्षक म्हणून काम केले. ६ एप्रिल १९२१ रोजी त्यांनी एका आजारी स्त्रीला प्रार्थना करून, हात ठेवून बरे केले, असे परंपरा सांगते. पंथाची सुरुवात याच दिवसापासून धरली जाते. काही आठवड्यांतच शेतमळे आणि मिशनचे दवाखाने सोडून लोकांची न्कम्बाकडे रीघ लागली.

या चळवळीचे मूळ कोठे शोधावे, याबद्दल मतभेद आहेत. किम्पा व्हिता या तरुणीला कोंगो लोकांच्या जुन्या राज्यात १७०६ मध्ये धर्मद्रोही ठरवून जाळण्यात आले. येशू आणि संत कोंगो भूमीतलेच, असे ती सांगे. किंबांगू हे तिचेच वारसदार, असे एक मत आहे. मात्र मधल्या दोन शतकांना जोडणारा थेट दुवा दाखवता आलेला नाही. दुसऱ्या मतानुसार हा मूलतः वसाहतविरोधी उठाव होता व धर्म हे त्याचे बाह्य रूप. तिसरे मत त्याकडे बॅप्टिस्ट पुनरुज्जीवन म्हणून पाहते. मिशनची गीते, बायबलवाचन, गंडेदोरे व शक्तिवस्तू टाकून देण्याचा आग्रह, एकपत्नीत्व यांचा विचार करता हे मत अधिक ग्राह्य वाटते. तथापि अंग थरथरणे, अंगात येणे आणि रोग बरा करणाऱ्याला ‘न्गुन्झा’ (संदेष्टा) म्हणून ओळखणे या गोष्टी जुन्या कोंगो धर्मजाणिवेतूनच समजतात. देश तेव्हा बेल्जियमची वसाहत होता. बेल्जियन अधिकारी चौकशीसाठी न्कम्बाला आला, तेव्हा किंबांगूंनी त्याच्यासमोर बायबलमधील दावीद आणि गल्याथ यांची (लहानग्या दावीदाने बलाढ्य योद्ध्याला हरवल्याची) कथा वाचली, अशी नोंद आहे. अधिकाऱ्याने त्या वाचनात बंड पाहिले. भाविकांच्या लेखी ते शास्त्रवाचन होते.

सप्टेंबर १९२१ मध्ये किंबांगू स्वतःहून स्वाधीन झाले. थिसव्हिल (आजचे म्बान्झा-न्गुंगू) येथील लष्करी न्यायालयाने ३ ऑक्टोबर रोजी त्यांना १२० फटके व देहदंडाची शिक्षा फर्मावली. बेल्जियमचा राजा पहिला आल्बेर याने देहदंडाऐवजी जन्मठेप दिली. जेमतेम सहा महिन्यांच्या प्रचारापोटी त्यांनी एलिझाबेथव्हिलच्या (लुबुंबाशी) तुरुंगात तीस वर्षे काढली आणि १२ ऑक्टोबर १९५१ रोजी तेथेच त्यांचे निधन झाले. अनुयायांना दूरच्या प्रांतांत हद्दपार करण्यात आले. पंथपरंपरा हद्दपार कुटुंबांची संख्या ३७,००० सांगते. हा आकडा अनेक अभ्यासकांना फार मोठा वाटतो. यातनांच्या वास्तवाबद्दल मात्र दुमत नाही. बंदीच्या काळात किंबांगूंच्या पत्नी मारी म्विलू यांनी पंथ गुप्तपणे जिवंत ठेवला.

२४ डिसेंबर १९५९ रोजी, स्वातंत्र्याच्या सहा महिने आधी, पंथाला मान्यता मिळाली. धाकटे पुत्र जोसेफ दियांगिएंडा (१९१८–९२) त्याचे प्रमुख होते. हुकूमशहा मोबुटूच्या राजवटीत ३१ डिसेंबर १९७१ च्या कायद्याने कॅथलिक, संयुक्त प्रॉटेस्टंट व किंबांगू या तीनच चर्चना मान्यता दिली. इतर असंख्य लहान आफ्रिकी चर्चना कायदेशीर अस्तित्व उरले नाही. हा कायदा पंथाने केलेला नव्हता, तरी स्वतः बंदी सोसलेल्या पंथाच्या इतिहासात ही बाब नजरेआड करता येत नाही. २००६ च्या संविधानाने राज्य धर्मनिरपेक्ष ठरवून धर्मस्वातंत्र्य मान्य केले आहे.

मद्य, तंबाखू, डुकराचे व माकडाचे मांस, नृत्य आणि जादूटोणा निषिद्ध आहेत. न्कम्बात पादत्राणे काढून वावरतात; तेथील झऱ्याचे पाणी व माती भाविक घरी नेतात. प्रभुभोजन (येशूच्या स्मरणार्थ भाकर व द्राक्षारस घेण्याचा ख्रिस्ती विधी) प्रथम १९७१ मध्ये झाले. त्यात गव्हाची भाकर व द्राक्षारस नसतो. बटाटा, मका व केळी यांची पोळी आणि पाणी घातलेला मध असतो. आयात वस्तूंऐवजी शेतात पिकणारे अन्न वेदीवर ठेवणे हा या विधीतला सर्वांत बोलका भाग होय. पितळी वाद्यवृंद प्रसिद्ध आहेत. किन्शासातील सिंफनी वाद्यवृंदही याच पंथातून निघाला.

१९६९ मध्ये पंथ जागतिक चर्च परिषदेचा सभासद झाला. पुढे किंबांगू हेच पवित्र आत्मा होत, हा सिद्धान्त दृढ झाला व नाताळ २५ मे रोजी साजरा होऊ लागला. इतर चर्चशी दुरावा वाढला. २००१ पासून किंबांगूंचे नातू सिमोन किंबांगू कियांगानी प्रमुख आहेत. त्यांचा जन्म आजोबांच्या मृत्युदिनीच झाला, याला अनुयायी विशेष अर्थ देतात. त्यांचे नेतृत्व न मानणारा गट वेगळा झाला. पंथाचा प्रसार शेजारच्या अंगोला व काँगो प्रजासत्ताक या देशांतही आहे. ६ एप्रिल हा दिवस २०२३ पासून काँगो लोकशाही प्रजासत्ताकात सार्वजनिक सुटीचा आहे.