बिकिनीचा नारळ

प्रशांत महासागरातल्या बिकिनी बेटावर आज उतरलात, तर किनाऱ्याने खुशाल हिंडता येईल. नुसतं वावरल्याने अंगाला लागणारा किरणोत्सार तिथे आता फारसा नाही. पण माडाखालचा नारळ फोडून रोज खोबरं खायला लागलात, तर ते विष ठरेल. बिकिनीकरांची घरवापसी या नारळापाशी अडली आहे.

फेब्रुवारी १९४६. रविवारची प्रार्थना आटोपल्यावर अमेरिकेचे लष्करी गव्हर्नर बेन वायट यांनी बेटकऱ्यांना विचारलं, मानवजातीच्या भल्यासाठी काही काळ बेट सोडाल का? १६७ माणसं उठली. त्यांना नेलं त्या राँगेरिक बेटावर पोटापुरतं पिकत नव्हतं, तिथले काही मासेही विषारी. दोन वर्षं उपासमार झाली. मग किली बेट: एक चौरस किलोमीटरही नाही, आणि होड्या घालायला प्रवाळाच्या वेढ्यातलं शांत पाणीही नाही. पिढ्यान्‌पिढ्या त्याच पाण्यावर जगलेल्यांना हे केवढं मोठं तोडणं होतं!

इकडे १९५८पर्यंत अमेरिकेने बिकिनीवर चाचणीसाठी २३ अणुस्फोट केले. १ मार्च १९५४चा 'ब्राव्हो' हा हायड्रोजन बॉम्ब ६ मेगाटनांचा (म्हणजे ६० लाख टन टीएनटी स्फोटकाइतका) अपेक्षित होता, झाला १५चा. बॉम्बच्या इंधनातला लिथियम-७ हा लिथियमचा प्रकार निष्क्रिय राहील हा हिशेब साफ चुकला. प्रवाळाचा भुगा आकाशात गेला आणि पांढरी भुकटी होऊन राँगेलाप बेटावरच्या माणसांच्या अंगावर पडली.

या स्फोटांनी मागे ठेवलं ते किरणोत्सारी सीझियम-१३७. रसायनशास्त्राच्या दृष्टीने ते पोटॅशियमचं भावंड, म्हणजे आपले शेतकरी ज्याला पालाश म्हणतात त्याचं. चिकणमाती असती तर तिने सीझियम घट्ट धरून ठेवलं असतं. पण प्रवाळाच्या जमिनीत चिकणमाती जवळपास नाहीच, पालाशही अगदी कमी. भुकेलेला माड मग पालाश समजून सीझियमच ओढून घेतो आणि ते पाण्यात, खोबऱ्यात उतरतं.

१९६८ मध्ये बेट सुरक्षित असल्याचं जाहीर झालं, काही कुटुंबं परतली. स्थानिक अन्न खाऊन त्यांच्या शरीरातलं सीझियम वाढत गेलं आणि १९७८ मध्ये त्यांना पुन्हा हलवावं लागलं. एकदा विश्वास ठेवलेल्यांची ही दुसऱ्यांदा झालेली फसगत मला सर्वांत जास्त सलते.

उपाय सापडला तो शेतकऱ्याला सहज पटेल असा. माडांना भरपूर पालाश खत दिलं की नारळातलं सीझियम दहाव्या हिश्श्याच्या आसपास येतं. बेटकऱ्यांना मात्र वरची माती खरवडूनच काढायला हवी होती. त्यात अडचण अशी, की माड जिच्यावर जगतो ती पालापाचोळ्याची काळी माती म्हणजे तोच पातळ वरचा थर.