चार आठवड्यांवर उरणारे दिवस

‘या महिन्यात पाच शुक्रवार, पाच शनिवार आणि पाच रविवार. असा योग ८२३ वर्षांतून एकदाच! पुढे पाठवा, धनलाभ होईल.’ अशा अर्थाचा निरोप कित्येक वर्षं मोबाइलवर फिरतो आहे आणि चांगली शिकलेली माणसंही तो पुढे ढकलतात. प्रत्यक्षात डिसेंबर २०२३, मार्च २०२४, ऑगस्ट २०२५ आणि मे २०२६ या चारही महिन्यांत हे तीन वार पाच-पाच वेळा आहेत. कॅलेंडर उघडून मोजलं तर अर्ध्या मिनिटात खात्री पटते.

हा निरोप खोटा का, हे ज्या गणितातून कळतं, त्याच गणितातून रोजच्या नियोजनातली एक चूकही उलगडते. ती चूक म्हणजे आठवड्यांचे महिने करायचे झाले की सरळ चारने भागणं. १८ आठवड्यांचा अभ्यासक्रम म्हणजे साडेचार महिने, असं आपण पटकन म्हणून टाकतो. तो संपतो चार महिने आणि तीन ते सहा दिवसांत. पुढचं काम साडेचार महिन्यांनंतर लावलेलं असेल, तर मधले दहा-एक दिवस मोकळे जातात.

मुळात आठवडा आणि महिना ही एकाच पट्टीवरची लहान-मोठी मापं नाहीत. महिना चंद्रावरून आला. एका अमावास्येपासून दुसऱ्या अमावास्येपर्यंत सरासरी २९.५३ दिवस जातात. अशा बारा फेऱ्यांचे ३५४ दिवस होतात आणि वर्ष ३६५ दिवसांचं, म्हणून सौर कॅलेंडरमध्ये महिने २८ ते ३१ दिवसांपर्यंत ताणले गेले. आठवडा मात्र आकाशातल्या कशालाच बांधलेला नाही. चंद्राच्या फेरीचा चौथा भाग ७.३८ दिवसांचा होतो, तोही सातात बसत नाही. आठवडा आपला सात-सात दिवस मोजत पुढे जातो, महिना संपो वा वर्ष संपो. १५८२ मध्ये ग्रेगोरियन कॅलेंडर, म्हणजे आपण आज वापरतो ते, लागू करताना ४ ऑक्टोबरनंतर एकदम १५ ऑक्टोबर ही तारीख धरली. मधल्या दहा तारखा गाळल्या गेल्या, पण ४ ला गुरुवार होता आणि १५ ला शुक्रवारच आला. वारांची साखळी तुटली नाही.

आता चार आठवड्यांवर उरणाऱ्या बाकीकडे येऊ. चार पूर्ण आठवडे म्हणजे २८ दिवस. ते वजा केले की ३१ दिवसांच्या महिन्यात ३ उरतात, ३० च्या महिन्यात २, साध्या फेब्रुवारीत शून्य आणि लीप वर्षाच्या फेब्रुवारीत १. ही छोटीशी बाकी दोन कामं करते. एक, महिन्याचे पहिले तितके वार पाच वेळा येतात. ३१ दिवसांचा महिना शुक्रवारी सुरू झाला की शुक्रवार, शनिवार, रविवार पाच-पाच वेळा येणारच, त्यात योगबिग काही नाही. दोन, पुढच्या महिन्याची १ तारीख तितकेच वार पुढे सरकते.

२०२६ चं वर्ष घ्या. १ जानेवारीला गुरुवार. जानेवारीची बाकी ३, म्हणून १ फेब्रुवारीला रविवार. फेब्रुवारीची बाकी शून्य, म्हणून १ मार्चलाही रविवारच. मग ३ पुढे, १ एप्रिल बुधवार. २ पुढे, १ मे शुक्रवार. याच चालीने डिसेंबरपर्यंत गेलं तर ३१ दिवसांचे सात महिने असे सुरू होतात: जानेवारी गुरुवारी, मार्च रविवारी, मे शुक्रवारी, जुलै बुधवारी, ऑगस्ट शनिवारी, ऑक्टोबर पुन्हा गुरुवारी, डिसेंबर मंगळवारी. सात महिने, सहा वेगवेगळे वार. फक्त सोमवार राहिला. कोणतंही वर्ष घ्या, हेच होतं. साध्या वर्षात जानेवारी आणि ऑक्टोबर एकाच वारी सुरू होतात, लीप वर्षात जानेवारी आणि जुलै. त्यामुळे सातातला नेमका एकच वार वगळला जातो. शुक्रवार वगळला जातो तो सोमवारी सुरू होणाऱ्या साध्या वर्षात (उदाहरणार्थ २०१८) किंवा रविवारी सुरू होणाऱ्या लीप वर्षात (उदाहरणार्थ २०१२). बाकी प्रत्येक वर्षी हा ‘दुर्मीळ योग’ निदान एकदा येतोच.

८२३ हा आकडा तर मुळातच अशक्य आहे. ग्रेगोरियन पद्धतीत ४०० वर्षांत ९७ लीप वर्षं येतात. म्हणजे ४०० × ३६५ + ९७ = १,४६,०९७ दिवस. याला ७ ने भागलं तर २०,८७१ येतात आणि बाकी शून्य उरते. म्हणजे दर ४०० वर्षांनी सगळ्या तारखा आणि सगळे वार जसेच्या तसे परत येतात. १ जानेवारी २००० ला शनिवार होता, १ जानेवारी २४०० लाही शनिवारच असेल. तारीख आणि वार यांची कोणतीही जुळणी ४०० वर्षांहून जास्त काळ वाट पाहायला लावू शकत नाही. आकडा भारदस्त दिसला की माणसं पडताळा घेत नाहीत, आणि असले निरोप नेमके त्यावरच तगतात.

हेच २०,८७१ आपल्याला हवं असलेलं उत्तरही देतं. ४०० वर्षांत ४,८०० महिने असतात. २०,८७१ भागिले ४,८०० म्हणजे ४.३४८१२५. महिन्यात सरासरी इतके आठवडे असतात, आणि हा अंदाज नाही, ग्रेगोरियन कॅलेंडरपुरता हा बिनचूक आकडा आहे. चारने भागण्यातली गफलत वर्षभराच्या हिशेबात स्पष्ट दिसते. साध्या वर्षातल्या बारा महिन्यांच्या बाक्या ओळीने लिहा: ३, ०, ३, २, ३, २, ३, ३, २, ३, २, ३. बेरीज २९. म्हणजे ‘महिना बरोबर चार आठवडे’ धरून वर्षाचा हिशेब केला, की चार आठवडे आणि एक दिवस हिशेबातून गायब होतात.

नियोजन करताना आधी एक प्रश्न विचारावा: मला दर हवा आहे की तारीख? दोन्हींची रीत वेगळी.

दर म्हणजे ‘आठवड्याला इतकं, तर महिन्याला किती?’ इथे सरासरी चालते. आठवड्याच्या आकड्याला १३ ने गुणून ३ ने भागा. आठवड्याला ६ तास लागत असतील तर महिन्याला २६ तास. चारने गुणलं तर २४ येतात आणि वर्षाअखेर २४ तासांची तूट निघते. मात्र प्रत्येक महिना सरासरीसारखा वागत नाही. ठरावीक वारी काही द्यायचं असेल तर तो वार वर्षातून ५२ वेळा येतो, म्हणजे आठ महिन्यांत चार-चार वेळा आणि चार महिन्यांत पाच-पाच वेळा. ज्या वर्षी तो ५३ वेळा येतो, त्या वर्षी पाच महिन्यांत पाच-पाच वेळा. हे पाच वारांचे महिने वर्षाच्या सुरुवातीलाच कॅलेंडरवर खुणा करून ठेवावेत. उलट बाजूने, आठवड्यांचे महिने करायला ०.२३ ने गुणा. १८ आठवड्यांचे ४.१४ महिने, ४० आठवड्यांचे ९.२. या गुणकातली चूक दहा हजारांत एकापेक्षाही कमी आहे.

तारीख काढताना मात्र महिने मधे आणूच नयेत. आठवडे × ७ करा आणि तेवढे दिवस पुढे मोजा. १८ आठवडे म्हणजे १२६ दिवस. १ फेब्रुवारी २०२६ पासून मोजले तर ७ जून येते, म्हणजे चार महिने सहा दिवस. १ जुलैपासून मोजले तर ४ नोव्हेंबर, म्हणजे चार महिने तीन दिवस. तेच १८ आठवडे, पण वाटेत फेब्रुवारी लागला की महिन्यांच्या भाषेत ते लांबतात. पडताळा सोपा आहे: पूर्ण आठवडे मोजले तर वार बदलता कामा नये. १ फेब्रुवारी रविवार, ७ जूनही रविवार. वार एकाने पुढेमागे आला तर समजावं की सुरुवातीचा दिवस दोनदा तरी धरला गेला आहे किंवा एखाद्या महिन्याचे दिवस चुकले आहेत.

गरोदरपणाच्या हिशेबात हा घोळ सर्वांत जास्त होतो. ४० आठवडे भागिले चार म्हणजे दहा महिने, मग सगळे नऊ का म्हणतात? कारण ४० आठवडे म्हणजे २८० दिवस, म्हणजेच नऊ महिने आणि चार ते सात दिवस. हे दिवस शेवटच्या मासिक पाळीच्या पहिल्या दिवसापासून मोजतात. गर्भधारणा साधारण दोन आठवड्यांनी होते, तिथून २६६ दिवस. २९.५३ दिवसांचा चांद्रमास धरला तर हे जवळजवळ नेमके नऊ महिने भरतात. अपेक्षित तारखेसाठी एकोणिसाव्या शतकातले जर्मन प्रसूतितज्ज्ञ फ्रान्झ नेगेले यांच्या नावाचा नियम आहे: पाळीच्या पहिल्या दिवसात नऊ महिने आणि सात दिवस मिळवा. आपल्या बोलीतले ‘नऊ महिने नऊ दिवस’ याच्या किती जवळ आहेत पाहा! पण लागोपाठचे नऊ महिने कधी २७३ दिवसांचे असतात, कधी २७६ चे. म्हणून या नियमाने २८० ते २८३ दिवस येतात आणि आठवड्यांच्या मोजणीशी तीन दिवसांपर्यंत फरक पडतो. दोन ठिकाणी दोन तारखा सांगितल्या गेल्या तर घाबरू नये. आधी मोजायची रीत कोणती ते विचारावं.

बाळाच्या ६, १० आणि १४ आठवड्यांच्या लसींना आपण दीड, अडीच आणि साडेतीन महिन्यांच्या लसी म्हणतो. बोलायला हरकत नाही, पण तारीख त्यावरून काढू नये. १४ आठवडे म्हणजे ९८ दिवस, साडेतीन महिने म्हणजे सुमारे १०६. आठ दिवसांचा उशीर नुसत्या शब्दामुळे होतो.

गोळ्यांच्या पाकिटांचंही तसंच. रोज एक गोळी आणि पाकिटात २८ गोळ्या असतील, तर ‘सहा महिन्यांसाठी सहा पाकिटं’ पुरत नाहीत. सहा पाकिटांत १६८ गोळ्या येतात आणि सहा महिने असतात १८१ ते १८४ दिवसांचे. शेवटचे १३ ते १६ दिवस गोळीविना जातील. सात पाकिटं लागतात. २८ दिवसांची मुदत असलेली कोणतीही वर्गणी वर्षातून बारा वेळा नव्हे, तेरा वेळा भरावी लागते.

करारात किंवा कामाच्या वेळापत्रकात ‘तीन महिने’ आणि ‘बारा आठवडे’ आलटून पालटून वापरू नयेत. बारा आठवडे ८४ दिवसांचे, तर लागोपाठचे तीन महिने ८९ ते ९२ दिवसांचे. तीन महिन्यांना जवळचे तेरा आठवडे, ९१ दिवस.

आणि महिनेच मिळवायचे असतील तर महिनाअखेर सांभाळा. साध्या वर्षात ३१ जानेवारीत एक महिना मिळवला की स्प्रेडशीटमधलं ‘एडेट’ (EDATE) हे सूत्र २८ फेब्रुवारी देतं, कारण ३१ फेब्रुवारी अस्तित्वातच नाही. पुढची तारीख काढताना त्या २८ फेब्रुवारीतच पुन्हा एक महिना मिळवला तर २८ मार्च येते, मग २८ एप्रिल, आणि महिनाअखेरची तारीख कायमची २८ वर अडकते. म्हणून प्रत्येक वेळी मूळ तारखेतच मिळवावं: ३१ जानेवारीत एक, ३१ जानेवारीत दोन, ३१ जानेवारीत तीन. तसं केलं की २८ फेब्रुवारीनंतर ३१ मार्च येते आणि तिच्यानंतर ३० एप्रिल.